अवेळी फुललेलं झाड

मी चौथीत होतो तेव्हाची दिवाळी. सुट्टीत वावरात गेलो, तर पाटाच्या तोंडाशी असलेलं संत्र्याचं झाड फुलांनी लदबदून गेलेलं. आंबिया बहर थंडी सरता सरता फुटतो, मृग बहर पावसाच्या तोंडावर. ऐन दिवाळीत, बाकीची बाग गप्प उभी असताना हे एकच झाड पांढरंशुभ्र. वास तर धुऱ्यापर्यंत येत होता. आजीनं खोडाला हळदकुंकू लावलं आणि म्हणाली, "लक्ष्मी आली बाप्पा वावरात."

बाबा काही बोलले नाहीत. खाली बसले, खोडाच्या बुडाची माती हातानं बाजूला केली आणि नखानं साल खरवडली. आत हिरवट-पांढरं दिसायला हवं होतं, ते तांबूस-काळं दिसलं. एका जागी मधासारखा डिंक ओघळून वाळला होता. बाबांनी माती परत ओढली आणि हात धोतराला पुसले.

उन्हाळ्यात त्या झाडाचं सरपण झालं. पुढच्या पावसाळ्यानंतर त्याच्या शेजारचं गेलं. मग त्याच्या शेजारचं. मला तेव्हा मोजायची सवय होती, जिना दिसला की पायऱ्या, रस्ता दिसला की खांब. म्हणून आजही सांगू शकतो की तीन वर्षांत त्या एका ओळीतली सात झाडं गेली आणि ज्या क्रमानं पाटाचं पाणी त्यांना लागत होतं, त्याच क्रमानं गेली. शेजारची ओळ, जिचं पाणी दुसऱ्या तोंडानं यायचं, ती बरीच वर्षं उभी होती.

त्या सात झाडांचा अर्थ कळायला मला पुढची तीस वर्षं लागली. यंदा पावसाळाभर वरूड, मोर्शी आणि काटोल भागातल्या बागांमधून फिरलो, तो त्याच अर्थाचा माग काढत.

मोर्शीच्या पुढं, रस्त्यापासून आत, एका बागायतदार काकांच्या वावरात ऑगस्टच्या शेवटच्या आठवड्यात उभा होतो. रात्री पाऊस होऊन गेलेला, काळी माती बुटाला चिकटून बूट जड झालेले. काका सत्तरीच्या आसपासचे. त्यांनी मला दोन झाडं दाखवली. एक गर्द हिरवं. दुसरं त्याच वयाचं, त्याच खुंटावरचं, पण अंगावरचं कापड विरावं तसं विरळ झालेलं. पानं लहान, मरगळलेली. पानाची मधली शीर पिवळी आणि तिच्या कडेनं हिरवा रंग हळूहळू उतरत गेलेला. शेंड्याच्या काड्या वाळलेल्या. फळं होती, पण लिंबाएवढीच राहिलेली.

"हे पाहा भाऊ," म्हणत त्यांनी घेराच्या कडेला खुरप्यानं चार-पाच बोटं माती उकरली. संत्र्याची अन्न घेणारी मुळं फार खोल नसतात, वरच्या फूट-दीड फुटातच त्यांचं जाळं असतं. काकांनी सुतळीहून बारीक असं एक मूळ उचललं, अंगठा आणि तर्जनीच्या चिमटीत धरलं आणि हलकेच ओढलं. मुळाचं वरचं आवरण लसणाच्या पाकळीची साल निघावी तसं चिमटीत निघून आलं आणि मागं उरला नुसता पांढुरका धागा. बोटांना तपकिरी चिकट लगदा लागला होता. मग त्यांनी हिरव्या झाडाचं मूळ काढलं. ते पिवळसर, टणक. ओढलं तर तुटलं, पण साल सुटली नाही.

हीच मूळकूज. खोडाच्या बुडाशी हाच रोग साल कुजवतो, डिंक गाळतो, म्हणून आमच्याकडं त्याला डिंक्या म्हणतात. नावं दोन, रोगकारक एकच.

त्यानंतर काका जे बोलले, ते मला या सगळ्या प्रवासातलं सर्वांत महत्त्वाचं वाटतं. "मुळी सडल्या का झाड पानी पेऊ शकत नाही. मंग ते तहानलेलं दिसते. पान मान टाकते. आपल्याले वाटते पानी कमी पडलं. मंग आपन अजून पानी सोडतो." थोडं थांबून म्हणाले, "म्या सोडलं ना. दोन वर्सं सोडलं."

तहानेनं आणि कुजीनं मरणारं झाड वरून एकसारखंच दिसतं. पहिल्याला पाण्यानं जीव येतो, दुसऱ्याचा जातो. दोहोंतला फरक कळायला गुडघे टेकून माती उकरावी लागते. आमच्या भागात बागेत फेरी मारणं म्हणजे मान वर करून फळं बघत जाणं. सौदा करायला येणारा व्यापारी फळं बघतो, घरधनीही तेच बघतो. रोग बिचारा खाली असतो.

आणि ते अवेळी फुलणं? मुळं आणि बुडाची साल कुजू लागली की पानांत तयार झालेलं अन्न खाली उतरत नाही, वरच साठून राहतं. झाडावर ताण येतो आणि ते हाती आहे तेवढं सगळं फुलांत घालतं. बागायतदार बहर धरायला मुद्दाम पाणी तोडून ताण देतो, तेव्हा झाड ज्या खुणेला उत्तर देतं, तीच खूण आजारातही उमटते. माझ्या आजीला जी लक्ष्मी वाटली, ती त्या झाडाची निरोपाची तयारी होती.

अमरावती जिल्ह्यातल्या एका कृषी महाविद्यालयात वनस्पतिरोगशास्त्र शिकवणाऱ्या मॅडमना मी विचारलं, हा रोगकारक बघता येईल का? त्या म्हणाल्या, माती घेऊन या. काकांच्या त्या विरळ झाडाखालची मूठभर माती पिशवीत भरून नेली. त्यांनी ती प्लास्टिकच्या पेल्यात घातली, वर बोटभर पाणी ओतलं आणि निरोगी संत्र्याच्या कोवळ्या पानाचे छोटे तुकडे कापून पाण्यावर तरंगत ठेवले. मासे धरायला गळाला आमिष लावावं तसंच हे. मातीत तो असेल तर पानाकडं येईल.

तिसऱ्या दिवशी फोन आला. गेलो. पानाच्या तुकड्याची कड काचपट्टीवर ठेवून त्यांनी मला सूक्ष्मदर्शकाशी बसवलं. कडेतून बारीक, पारदर्शक तंतू बाहेर आलेले आणि त्यांच्या टोकांना लिंबं लागलेली. खरंच लिंबं, टोकाला तशीच छोटी चोच असलेली. लिंबाच्या कुळाचा हा वैरी स्वतः लिंबाच्या आकाराचा आहे, हे मला कुणी आधी सांगितलं नव्हतं. मॅडमनी काचपट्टी थोडा वेळ फ्रिजमध्ये ठेवली, मग परत आणली. गार पाण्याचा असा झटका बसला की ती लिंबं फुटतात.

दहा-पंधरा मिनिटं काहीच झालं नाही. मग एका लिंबात आतल्या आत वळवळ सुरू झाली. चोच उघडली आणि आतून एकामागोमाग एक दाणे बाहेर आले. बाहेर पडले आणि पोहायला लागले. प्रत्येकाला दोन शेपट्या. मिलिमीटरचे शंभर भाग करावेत आणि त्यातला एक घ्यावा, एवढा एकेक दाणा. वेड्यावाकड्या वाटेनं, पण ठाम गतीनं ते नजरेच्या चौकटीतून पार होत होते. माझ्या अंगावर काटा आला. बुरशी म्हटलं की शिळ्या भाकरीवरचा स्वस्थ बसलेला हिरवा थर आठवतो. हे तर धावत होतं.

संत्र्याच्या कोवळ्या मुळाच्या टोकातून साखर, आम्लं अशी द्रव्यं मातीतल्या पाण्यात झिरपत असतात. हे पोहणारे बीजाणू त्या वासाच्या दिशेनं जातात, मुळाला चिकटतात, शेपट्या टाकतात, स्वतःभोवती भिंत बांधतात आणि काही वेळातच मुळात तंतू घुसवतात. पोहायला त्यांना मातीच्या कणांमध्ये साचलेलं पाणी लागतं. नुसती ओल पुरत नाही, पाणी तुंबावं लागतं. माती कोरडी पडली की तोच रोगकारक जाड सालीचे बीजाणू करून स्वस्थ पडून राहतो, वर्षानुवर्षं. पुढचा पाऊस येईपर्यंत, किंवा पुढचं ओलीत होईपर्यंत.

फायटोफ्थोरा हे याचं नाव. ग्रीक भाषेत त्याचा अर्थ वनस्पतींचा नाश करणारा असा होतो. जर्मन शास्त्रज्ञ अँटन डी बारी यांनी १८७६ मध्ये हे नाव दिलं, ते बटाट्यावरच्या करप्याच्या कारणाला. १८४५ पासून आयर्लंडमध्ये बटाट्याची शेतं कुजली, सुमारे दहा लाख माणसं उपासमारीनं आणि रोगराईनं गेली, तो हाच वंश. आपल्या संत्र्यावर त्याच्या निकोटियाना, पाल्मिव्होरा आणि सिट्रोफ्थोरा या जाती सापडतात. विदर्भात पहिलीचा जोर मोठा.

इथं एक गोष्ट नीट सांगायला हवी, कारण तिच्यापायी शेतकऱ्यांचा पैसा वाया जातो. आपण याला बुरशी म्हणतो, कृषी सेवा केंद्रातही तोच शब्द चालतो, मीही या लेखात अधूनमधून म्हणेन. पण शास्त्राच्या हिशेबात फायटोफ्थोरा खरी बुरशी नव्हेच. खऱ्या बुरशीच्या पेशीची भिंत मुख्यतः कायटिनची, म्हणजे किड्यांच्या कवचात असतं त्या द्रव्याची. याची भिंत सेल्युलोजची, झाडांसारखी. त्याचं जवळचं नातं समुद्रातल्या तपकिरी शेवाळाशी आहे. हा फरक पुस्तकात राहिला असता तर मी इथं मांडला नसता. पण कार्बेन्डाझिमसारखी जी बुरशीनाशकं हरभऱ्याच्या किंवा तुरीच्या मर रोगाच्या खऱ्या बुरशीवर चालतात, ती याच्यावर चालत नाहीत. मी फिरलो त्या बागांपैकी कितीतरी ठिकाणी डिंक्यासाठी तेच पाकीट पाण्यात कालवून बुडाशी ओतलं जात होतं. दुकानदारानं बुरशीचं औषध दिलं, शेतकऱ्यानं बुरशीचं औषध घातलं, कुणी खोटं बोललं नाही आणि झाड मेलं.

याच्यावर चालणारी औषधं वेगळी. मेटालॅक्झिल हे एक. दुसरं फोसेटिल-अॅल्युमिनियम. ते पानांवर फवारलं तरी झाडाच्या आतून खाली उतरतं, मुळांपर्यंत जातं. बहुतेक औषधं झाडात वरच्या दिशेनंच चढतात, त्यामुळं हा गुण दुर्मीळ आहे. पण मेटालॅक्झिल पुन्हा पुन्हा एकटंच वापरलं की फायटोफ्थोरा त्याला सरावतो. आयर्लंड आणि नेदरलँड्समध्ये बटाट्याच्या शेतात हे १९८० मध्येच दिसलं, औषध बाजारात आल्यानंतर अवघ्या काही वर्षांत.

या वंशाशी आपली ओळख फक्त संत्र्यापुरती नाही. कोकणात आणि गोव्यात पावसाळ्यात सुपारीची कोवळी फळं कुजून गळतात. त्या कोळेरोगावर एल. सी. कोलमन यांनी म्हैसूर संस्थानात १९१० मध्ये ग्रंथ लिहिला. त्याचंही कारण फायटोफ्थोरा. पानमळ्यात विड्याच्या वेली बुडाशी काळ्या पडून एका आठवड्यात माना टाकतात, तेही यामुळंच. आपल्या तबकातली पान आणि सुपारी दोन्ही एकाच वैऱ्याच्या तोंडी आहेत.

मग हा विदर्भातच एवढा का माजला? संत्रा हे मूळचं इथलं झाड नाही. रघुजी भोसल्यांनी अठराव्या शतकात औरंगाबादेकडून रोपं आणून नागपुरात लावली असं सांगतात. पुढं बागा वर्धा नदीच्या दोन्ही अंगांनी पसरल्या, काटोल-नरखेड या बाजूला आणि वरूड-मोर्शी त्या बाजूला. २०१४ मध्ये नागपूर संत्र्याला भौगोलिक मानांकन मिळालं. या पट्ट्यात कुठं मुरमाड, पाणी निथळून जाणारी जमीन आहे, तिथं संत्रा सुखानं राहतो. पण नफा दिसला तसा तो खोल काळ्या कापसाच्या जमिनीत गेला. ही माती पाणी पिऊन फुगते, वाळली की भेगाळते. भिजली की तिच्यातून पाणी खाली सरकता सरकत नाही. कपाशीचं खोल सोटमूळ तिच्यात तग धरतं. संत्र्याचं उथळ जाळं श्रावण-भाद्रपदात चार-चार दिवस पाण्यात बुडून राहतं. पोहणाऱ्या बीजाणूला याहून चांगलं तळं कुठलं?

त्यात खुंट. संत्र्याचं रोप म्हणजे दोन झाडांचा जोड. वर संत्र्याचा डोळा, खाली दुसऱ्याच लिंबूवर्गीय झाडाचं मूळ. आमच्याकडं पिढ्यान् पिढ्या जंबेरीच्या खुंटावर डोळा भरतात. जंबेरी रांगडी. झपाट्यानं वाढते, मुळं खोल नेते, दुष्काळ सोसते, झाडाला भरपूर फळ देते. पण फायटोफ्थोरापुढं ती दुबळी आहे. म्हणजे जी गोष्ट झाडाला उन्हाळ्यात वाचवते, तीच पावसाळ्यात दगा देते.

मग खुंट बदला, असं कुणीही म्हणेल. जगानं बदलून पाहिलाय. अटलांटिकमधल्या अझोर्स बेटांवरून एकेकाळी इंग्लंडला संत्री जात. तिथं १८३० च्या दशकात बागाच्या बागा डिंक गळून मरू लागल्या. लिंबूवर्गीय झाडांवरच्या या रोगाची ही पहिली मोठी नोंद. मग रोग भूमध्य समुद्राच्या काठाकाठानं पसरला. उपाय सापडला तो आंबट संत्र्याच्या खुंटाचा. त्या मुळाला डिंक्या सहजी लागत नव्हता. जगभर बागा त्या खुंटावर उभ्या राहिल्या. आणि १९३० नंतर दक्षिण अमेरिकेत ट्रिस्टेझा नावाचा विषाणू आला, त्यानं नेमक्या आंबट संत्र्याच्या खुंटावरच्याच बागा आडव्या केल्या. ब्राझील-अर्जेंटिनात लाखो झाडं गेली. ट्रिस्टेझा म्हणजे खिन्नता. एका रोगातून सुटायला जो दरवाजा उघडला, त्यातून दुसरा आत आला.

त्रिदली संत्र्याचा खुंटही फायटोफ्थोराला चांगलं तोंड देतो. पण त्याला आम्लधर्मी माती हवी. आमच्या चुनखडीच्या काळ्या जमिनीत तो पिवळा पडतो. नागपूरच्या केंद्रीय लिंबूवर्गीय फळ संशोधन संस्थेनं आणि अकोल्याच्या डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठानं रंगपूर लाइम, अॅलेमो अशा खुंटांवर वर्षानुवर्षं काम केलं आहे. नागपूरची संस्था १९८५ पासून लिंबूवर्गीय फळांसाठीच आहे. पण खुंट खरा उतरला की नाही हे कळायला झाड बारा-पंधरा वर्षांचं व्हावं लागतं. सोयाबीनचं वाण बदलणं आणि संत्र्याचं मूळ बदलणं यांत एका पिढीचं अंतर आहे.

आता पन्हेरीबद्दल. शेंदुरजनाघाट आणि वरूडच्या आसपास संत्र्याच्या रोपवाटिका आहेत, आम्ही त्यांना पन्हेरी म्हणतो. लाखो रोपं इथून महाराष्ट्रभर आणि मध्य प्रदेशात जातात. या भागातल्या माणसांच्या बोटांत डोळा भरायचं जे कसब आहे, त्याला तोड नाही. मी एका पन्हेरीत सकाळभर बसून होतो. एक बाई धारदार चाकूनं सालीत उलटा टी कापायच्या, डोळा आत सरकवायच्या, पट्टी गुंडाळायच्या आणि पुढं सरकायच्या. बोलता बोलता, न बघता.

पण ज्या मातीत रोप वाढतं, ती मातीच रोगट असेल तर हे कसब वाया जातं. त्याच वाफ्यात वर्षानुवर्षं जंबेरीचं बी पडतं, वाफ्याला पाटानं पाणी दिलं जातं, एका कोपऱ्यातला फायटोफ्थोरा हंगाम सरेपर्यंत सगळ्या वाफ्यात पोचतो. रोप पिंड्यासकट उपटून गाडीत भरलं की त्या मातीच्या गोळ्यातून तो शंभर-दोनशे किलोमीटर दूर, कोऱ्या वावरात उतरतो. आमच्याकडं नेमकं हेच झालं होतं. बाबांनी जिथून कलमं आणली, त्याचं नाव मी लिहीत नाही, पण त्या खेपेतली कलमं गावात आणखी दोघांनी लावली होती आणि दोघांचीही पहिली झाडं दहाव्या-अकराव्या वर्षी डिंक गाळू लागली. आणि डोळा भरला होता जमिनीपासून चार बोटांवर. लावताना जोड मातीखाली गेला. संत्र्याची साल जंबेरीहूनही नाजूक, तीच मातीत गाडली गेली. तक्रार कुणाकडं करणार? झाड आजारी पडेपर्यंत पावती कुठं असते?

जे करायचं ते ठाऊक आहे. मे महिन्याच्या उन्हात वाफा भिजवून त्यावर पारदर्शक प्लास्टिक ताणून चार-सहा आठवडे ठेवलं तर वरच्या थरातली माती इतकी तापते की रोगकारक मोठ्या प्रमाणात मरतो. विदर्भाच्या उन्हाचा याहून चांगला उपयोग मला ठाऊक नाही. निर्जंतुक मिश्रणात, पिशवीत रोपं वाढवावीत, जमिनीला टेकवू नयेत. डोळा निदान वीतभर उंचीवर भरावा. असं करणाऱ्या रोपवाटिका आता आहेत. त्यांचं रोप महाग पडतं आणि शेतकरी दोन रोपं समोर ठेवली की स्वस्ताकडं बघतो. मी त्याला दोष देत नाही. सहा मीटर बाय सहा मीटरवर हेक्टरी २७७ रोपं लागतात, पाचव्या-सहाव्या वर्षापर्यंत हाती काही पडत नाही. पण रोपामागं वाचवलेला पैसा बाराव्या वर्षी झाड मागून घेतं, हेही मी घरात पाहिलं आहे.

आणि पाणी. वरूड-मोर्शी हा भूजल अतिउपशाचा भाग. बोअर खोल खोल जातात, तरी कोरडे निघतात. २०१९ च्या उन्हाळ्यात हजारो झाडं पाण्यावाचून वाळली. टँकरनं बागा जगवणारी माणसं मी तेव्हा पाहिली. बायकोचे दागिने मोडून पाणी विकत घेणारा एक जण माझ्या ओळखीचा आहे. अशा मुलखात झाडं जास्त पाण्यानं मरतात असं कुणी म्हटलं तर त्याला वेड्यात काढतील. पण दोन्ही खरं आहे आणि दोन्ही एकाच गोष्टीनं जोडलेलं आहे. पाणी किती देतो याइतकंच ते कुठून नेतो, कुठं साचू देतो, यावर झाडाचं आयुष्य ठरतं. आमच्या बागेत पाट एका आळ्यातून दुसऱ्या आळ्यात जायचा. पहिल्या झाडाच्या खोडाला धुऊन निघालेलं पाणी दुसऱ्याच्या खोडाशी तुंबायचं. त्या सात झाडांचा क्रम मी मोजला होता, तो त्या पाण्याचा क्रम होता. आम्हीच पाटानं रोग वाढत होतो, ताटात वाढावा तसा.

उपाय साधा आहे आणि जुना आहे. खोडाभोवती एक लहान आळं करून त्याला मातीची भर द्यायची, पाणी त्यात जाऊच द्यायचं नाही. त्याच्या बाहेर दुसरं मोठं आळं, पाणी तिथं. डबल रिंग म्हणतात याला. प्रत्येक आळ्याला पाटातून स्वतंत्र तोंड, एकाचं पाणी दुसऱ्यात नको. ठिबक असेल तर मोठ्या झाडाला तोट्या खोडापासून दोन-अडीच फूट लांब, घेराच्या दिशेनं. मी पाहिलेल्या कितीतरी बागांत ठिबक होतं, पण रोप लहान असताना खोडाशी ठेवलेली तोटी झाड दहा वर्षांचं झालं तरी तिथंच थेंब थेंब गळत होती. अनुदान मिळालं, नळी अंथरली, आणि ती नळी सरकवायची असते हे कुणी सांगितलं नाही. पावसाळ्यात भारी जमिनीत उताराच्या दिशेनं ओळींमधून दोन-तीन फूट खोल चर काढायचे, पाणी वावराबाहेर जाऊ द्यायचं. नवी बाग लावायची तर गादीवाफ्यावर, म्हणजे बूड उंच राहतं.

काकांनी चर काढले ते चार वर्षांपूर्वी. आधी सगळं गाव हसलं, प्यायला पाणी नाही आणि हा वाहून घालवतो. त्यांनी चराचं पाणी खालच्या अंगाला खड्ड्यात घेतलं, आणि तो खड्डा पुढं शेततळं झाला. तेच पाणी उन्हाळ्यात गाळून ठिबकला लावतात. यातली एक अडचण त्यांनी मला स्वतःहून सांगितली, की रोगट झाडाखालून निघालेलं पाणी तळ्यात येतं आणि बीजाणू त्यातूनही परत येऊ शकतात. म्हणून त्यांनी ज्या ओळीत डिंक्या जास्त, त्या ओळीचा चर तळ्याकडं न नेता धुऱ्याबाहेर वळवला. हे त्यांना कुठल्या पुस्तकात सापडलं नव्हतं. त्यांनी ते वावरात उभं राहून विचार करून काढलं.

ट्रायकोडर्मा ही मित्रबुरशी बाजारात आता सर्रास मिळते. ती चांगल्या कुजलेल्या शेणखतात मुरवून पावसाळ्याच्या सुरुवातीला घेराखाली टाकली तर मातीत रोगकारकाशी जागेसाठी, अन्नासाठी झगडते. पण वरून मोरचुदाचं पाणी ओतलं तर तीही मरते, आणि कच्च्या शेणखतात तिची वाढ होत नाही. वाचवायला उशीर झालेल्या झाडावर ती चमत्कार करत नाही. ज्या झाडाची निम्म्याहून जास्त साल बुडाशी सडली, ते मुळासकट काढून जाळावं आणि त्या खड्ड्यात लगेच दुसरं लावू नये. हे सांगताना काकांचा आवाज उतरला. "लेकरासारखं वाढवलं ना," एवढंच म्हणाले.

सप्टेंबर संपता संपता पुन्हा गेलो. पाऊस उघडला होता, बोर्डो पेस्ट लावायचा दिवस होता. पावसाळ्याच्या आधी एकदा आणि नंतर एकदा, खोडाला बुडापासून दोन-तीन फुटांपर्यंत. बोर्डो हे फ्रान्समधल्या बंदराचं नाव. १८८० च्या दशकात तिथल्या मेडॉक भागात वाटसरूंनी द्राक्षं तोडू नयेत म्हणून रस्त्याकडेच्या वेलींवर मोरचूद आणि चुना शिंपडत. पियरे मिलार्डे यांच्या लक्षात आलं की नेमक्या त्याच वेलींवर केवडा पडत नाही, आणि १८८५ मध्ये त्यांनी ते औषध म्हणून जाहीर केलं. तो केवडाही फायटोफ्थोराच्याच कुळातला. सव्वाशेहून जास्त वर्षं झाली, तरी हे मिश्रण उतरलेलं नाही.

काकांच्या अंगणात तीन प्लास्टिकच्या बादल्या. लोखंडी नको, मोरचूद धातू खातो. एका बादलीत किलोभर मोरचूद रात्रीच पाच लिटर पाण्यात भिजत घातलेला, निळंशार पाणी. दुसरीत किलोभर चुना पाच लिटर पाण्यात विरवून गाळलेला. काकांच्या नातवानं, अकरावीतल्या पोरानं, दोन्ही एकदम तिसऱ्या बादलीत ओतलं. काका काठीनं ढवळत होते. आकाशी रंगाचा दाट लगदा झाला. तोवर नातवाच्या आईनं डिंक गाळणाऱ्या दोन झाडांची कुजकी साल चाकूनं निरोगी भागापर्यंत तासून, तासलेले तुकडे पाटीत गोळा करून चुलीत घातले होते. मातीत एकही पडू दिला नव्हता.

"विळा आन," काका म्हणाले.

नातवानं विळ्याचं पातं दगडावर घासून चकचकीत केलं आणि लगद्यात बुडवलं. आम्ही सगळे थांबलो. मिनिटभरानं बाहेर काढलं, पाण्यानं धुतलं. पात्यावर तांबूस झाक होती. मोरचूद जास्त झाला होता. असाच लावला तर साल भाजली असती. काकांनी चुन्याच्या निवळीची अर्धी वाटी घातली आणि परत ढवळलं. पोरानं पातं पुन्हा घासलं, पुन्हा बुडवलं. या वेळी धुतल्यावर ते लोखंडासारखंच पांढरट निघालं. त्यानं ते उन्हात धरून दोन्ही बाजूंनी निरखून पाहिलं, मग ब्रश उचलला आणि पाटाच्या तोंडाशी असलेल्या पहिल्या झाडापाशी जाऊन गुडघे टेकले.